लग्नाची कॅसेट, भुताचा डबा

प्रकाशराव पागनिसांच्या घरातले मोठे निर्णय पोळ्या लाटताना होतात. त्या दिवशी लाटणं न थांबवता शोभाताई म्हणाल्या, "दसऱ्याला केतकी येतेय बाळंतपणाला. तोवर मागची खोली रिकामी पाहिजे. तुमच्या त्या कॅसेटी मी कबाडीला देऊन टाकणार."

प्रकाशरावांचा घास हातातच राहिला. वीज मंडळात छत्तीस वर्षं काढलेल्या माणसाला अपमान नवा नसतो. लाइट गेली की सगळं माधव नगर त्यांच्या नावानं शिमगा करायचं. पण कॅसेटींना कबाड म्हणणं म्हणजे हद्द झाली. नव्वदच्या आसपास उज्जैनच्या मराठी मंडळींत व्हिडिओ कॅमेरा एकच होता आणि तो प्रकाशरावांच्या उजव्या खांद्यावर होता. साखरपुडे, डोहाळजेवणं, गणपतीतली नाटकं, एका वकिलांची एकसष्टी, ज्यात वकीलसाहेब दोन तास बोलले आणि बॅटरी संपली तरी थांबले नाहीत. हे सगळं त्या मागच्या खोलीत एकशे चौदा कॅसेटींत शिस्तीनं उभं होतं.

दुसऱ्या दिवशी कबाडी आला. त्यानं एक कॅसेट हातात घेऊन हलवली, कानाशी नेली, वास घेतला.

"बाबूजी, इसमें लोहा कहाँ है?"

"लोहा नहीं है, यादें हैं," प्रकाशराव म्हणाले.

"वो हम नहीं लेते. प्लास्टिक भी ये वाला नहीं चलता. उठा तो लूँगा, पर आप क्या दोगे?"

म्हणजे कबाडीसुद्धा पैसे मागून राहिला! प्रकाशरावांनी त्याला पाणी पाजून परत पाठवला आणि दुखावलेल्या मनानं मोबाइल उघडला. दुखावलेला माणूस मोबाइल उघडतो तेव्हाच लफडी सुरू होतात. कुठेतरी परदेशात एका गृहस्थानं माळ्यावरची जुनी सिनेमाची कॅसेट विकून मोटार घेतली होती. फोटोत तो गृहस्थ मोटारीला टेकून हसत होता, आणि प्रकाशरावांना वाटलं, हा आपल्याकडेच बघून हसतोय.

"शोभा," ते स्वयंपाकघराच्या दारात उभे राहून म्हणाले, "ते कबाड नाही. ती संपत्ती आहे."

"मग दसऱ्याच्या आत संपवा," शोभाताई म्हणाल्या.

*

संपत्ती म्हटल्यावर समोरच्या घरातले बापू दिघे आलेच. बापू तहसीलीतून निवृत्त झालेले. मीरावहिनी गेल्या त्याला सहा वर्षं झाली, मुलगा मंदार बंगळूरला, त्यामुळे बापूंचा सकाळ-संध्याकाळचा चहा पागनिसांकडे आणि त्यांचा सल्ला चोवीस तास सगळ्या गल्लीकडे. प्रकाशरावांविरुद्ध त्यांची एकच तक्रार होती, पण ती त्यांनी एकतीस वर्षं ताजी ठेवली होती. आताही मागच्या खोलीत शिरल्याबरोबर त्यांनी रांगांवरून नजर फिरवली.

"एकशे चौदा! साऱ्या गावाचं आलं, आणि माझ्या मंदारच्या मुंजीचं तेवढं नाही आलं."

"बापू, कॅमेऱ्याचं हेड खराब होतं हो त्या दिवशी."

"हेड कोणाचं खराब होतं ते सोड. पहिले याद्या बनव. मूल्यांकन असं हवेत होत नाही. अर्ध्या उज्जैनच्या जमिनी मोजल्यात मी."

कॅसेटींचा भाव कळणारा माणूस इंदूरला सापडला. अर्णव त्याचं नाव, वय सत्तावीस, कानात बाळी, आणि धंदा हाच: जुन्या कॅसेटी घेणं आणि शौकिनांना विकणं. बापूंना ह्या धंद्यावर विश्वास बसेना, पण त्यांनी फोन स्पीकरवर ठेवायला लावला.

"अंकल, घर की शूटिंग का कोई भाव नहीं," अर्णवनं पहिल्याच वाक्यात एकशे दहा कॅसेटी निकालात काढल्या. "किसी और की शादी कोई क्यों ख़रीदेगा?"

प्रकाशराव फोनपासून दूर झाले. बापूंनी त्यांच्या पाठीवर हात ठेवला. "मन को मत लगाओ. लोक स्वतःची शादी फोकटात दिली तरी बघत नाहीत."

भाव फक्त कंपनीनं काढलेल्या असली सिनेमाच्या कॅसेटींना. आणि असली ओळखायची कशी? डबा मूळचा पाहिजे, लेबल छापील पाहिजे, फितीवर बुरशीचे पांढरे ठिपके नकोत, लायब्ररीचा शिक्का नको. शिवाय कॅसेटच्या पाठीला कोपऱ्यात एक चिमुकली प्लास्टिकची टॅब असते. ती मोडली की त्या कॅसेटवर दुसरं काही रेकॉर्ड होत नाही. कंपनी ती मोडूनच विकते. म्हणून टॅब मोडलेली असेल तर माल बहुधा असली.

"म्हणजे फुटकी ती खरी आणि धड ती खोटी," बापू म्हणाले. "हे आमच्या दफ्तरासारखंच आहे."

मग भिंग आलं, टॉर्च आला, बापूंचं जाड रजिस्टर आलं. पण प्रत्येक डब्यावर हळदीकुंकवाचा एक एक टिळा होता. पागनिसांचे पूर्वज सरदाराच्या पागेत घोड्यांचा हिशेब ठेवायचे. घोडे गेले, पण खंडेनवमीला घरातल्या हत्यारांची पूजा राहिली. तलवार नाही म्हणून विळी, पाना, टेस्टर, कॅमेरा आणि सगळ्या कॅसेटी. काहींवर तर पाच-पाच वर्षांचे टिळे एकावर एक चढून मध्ये चांगला डोंगर झाला होता.

"डैमेज है," अर्णव फोनवर म्हणाला.

"डैमेज नहीं, धार्मिक भावना है," बापूंनी त्याला दरडावलं.

एकशे चौदापैकी असली निघाल्या चार. तीन बुरशीनं गेलेल्या. आणि चौथीचा अजून नुसता डबाच बघितला होता. प्रकाशरावांच्या मामेभावानं, यशोधननं, लंडनहून आणलेला भुताचा इंग्रजी सिनेमा. डब्यावर थडग्यातून वर आलेला हिरवा हात, नखांतून काहीतरी गळतंय. ह्या एका डब्यावर टिळा नव्हता, कारण शोभाताई त्याच्या जवळच जात नसत. झाडू मारतानासुद्धा त्याला वळसा घालत.

फोटो गेला आणि अर्णवचा फोन दहा सेकंदांत आला. आवाज बदललेला.

"अंकल, ये वहाँ बंद कर दी गई थी. इसकी बहुत कम बची हैं. डब्बा और कैसेट दोनों ठीक हों, चलाकर दिखा दो, तो साठ हज़ार. अकेले डब्बे के दो हज़ार."

प्रकाशराव ताठ चालत स्वयंपाकघरात गेले. आकडा सांगितला. शोभाताईंचं लाटणं थांबलं. लग्नानंतर तेहतीस वर्षांत हे दुसऱ्यांदा घडत होतं. पहिल्यांदा भूकंप झाला होता.

"त्या मेल्या हाताचे?" त्या म्हणाल्या. "अहो, मग बाकीच्याही नीट बघा की!"

प्रकाशराव तरंगत मागच्या खोलीत आले, कॅसेटचा फोटो काढायला त्यांनी डबा उघडला, आणि भिंग पुन्हा हातात घेतलं. आतल्या कॅसेटची टॅब मोडलेली होती. पण त्या खाचेवर सेलोटेप चिकटवलेली होती. पिवळी पडलेली, स्वतःच्या हातानं लावलेली.

माणूस विसरतो. विसरायचं ठरवलं तर एकतीस वर्षं विसरतो.

*

फेब्रुवारी चौऱ्याण्णव. बापूंच्या मंदारची मुंज. मुहूर्त सकाळी आठ बावन्नचा, दुकानं उघडतात दहाला, आणि प्रकाशराव कोरी कॅसेट घ्यायला विसरलेले. घरी धावत येऊन त्यांनी हाताला लागेल ती कॅसेट उचलली. कॅमेरा घेईना, टॅब मोडलेली. एखादं जुनं नाटक असेल म्हणून त्यांनी खाचेवर सेलोटेप लावली, आणि अडीच तास जीव ओतून मुंज काढली. संध्याकाळी बघायला बसले तेव्हा कॅसेटच्या कडेला बारीक अक्षरांत, त्यांच्याच हातचं, लिहिलेलं दिसलं: शोभा-प्रकाश शुभविवाह. कोणी पुसू नये म्हणून टॅब त्यांनी स्वतःच मोडली होती.

लग्नाला दोनच वर्षं झालेली. शोभाताई माहेराहून परवा यायच्या होत्या.

त्या एका रात्रीत प्रकाशरावांनी तीन पापं केली. लग्नाचं लेबल सोडवून भुताच्या कॅसेटला चिकटवलं आणि ती जरीच्या पिशवीत घालून शोभाताईंच्या, तेव्हा कुलूप नसलेल्या, गोदरेजच्या अलमारीत ठेवली. मुंजवाली कॅसेट भुताच्या डब्यात घातली, कारण तिथे शोभाताईंचा हात जन्मात पोचणार नव्हता. आणि व्हीसीआरची एक वायर उपटली. वीज मंडळातल्या माणसानं वायर उपटायची म्हणजे हलवायानं स्वतःच्या मिठाईत माती कालवायची! पण उपटली. बापूंना सांगितलं, हेड खराब होतं, मुंज आलीच नाही. कॅसेट त्यांना दिली असती तर त्यांनी ती गल्ली जमवून दाखवली असती, आणि मुंज जिथे संपते तिथून पुढे त्या फितीवर काय उरलं होतं हे बघायची प्रकाशरावांची हिंमत नव्हती.

तेव्हापासून शोभाताई दर खंडेनवमीला जरीची पिशवी बाहेर काढत, आपल्या लग्नाला हळदकुंकू वाहत, नमस्कार करत आणि परत कुलूप लावत. आत हिरवा हात.

म्हणजे आता साठ हजारांचा डबा नवऱ्याकडे, कॅसेट बायकोच्या कुलपात, आणि बायकोचं लग्न मुंजीखाली गाडलेलं. ते हे सगळं मनात मांडून बघत होते, तेवढ्यात दारातून आवाज आला.

"अहो, विकायचं ते विका. पण आपल्या लग्नाची कॅसेट आधी चालू करून घ्या. ओंकारनी बघितलं नाहीये आपलं लग्न. जावई एवढा येतोय, दसऱ्याला सगळे मिळून बघू."

"ती... ती आता चालणार नाही ग. बुरशी."

"बापूंनी सांगितलंय मला, बुरशी काढता येते."

बापूंना ही माहिती अर्णवनं दिली होती. सल्ल्याचं असं असतं. एकदा मोहल्ल्यात सोडला की तो कोणाला चावेल सांगता येत नाही.

*

व्हीसीआर टॉवर चौकाजवळच्या रईसभाईंकडे गेला. रईसभाई आता मोबाइलची कव्हरं विकतात, पण व्हीसीआर बघून त्यांचे डोळे भरून आले. त्यांनी दुकान अर्धं बंद केलं, पेचकस घेतला, झाकण उघडलं, आणि चष्म्यावरून प्रकाशरावांकडे बघितलं. शेजारी बापू उभे होते.

"बाबूजी, ये ख़राब हुआ नहीं है. किसी ने किया है."

"उंदीर असेल," प्रकाशराव म्हणाले.

"चूहा वायर कुतरता है. ये तो प्लास से निकाली है. बहुत सफ़ाई से. कोई जानकार आदमी था."

"वीज मंडळातला असेल," बापू सहज म्हणाले, आणि प्रकाशरावांना इतका घाम फुटला की रईसभाईंनी पंखा त्यांच्याकडे वळवला.

इकडे अर्णवला माल चोरीचा नसल्याचं पत्र पाहिजे होतं. "सादा काग़ज़ चलेगा," तो म्हणाला होता. पण साध्या कागदावर काही चालतं हे बापूंना मान्य नव्हतं. ते प्रकाशरावांना घेऊन कचेरीबाहेर बसणाऱ्या एका नोटरीकडे गेले. नोटरीनं पान थुंकून मजकूर सांगायला सुरुवात केली, त्याचा टायपिस्ट बडवू लागला.

"मैं शपथपूर्वक कथन करता हूँ कि भूत की कैसेट, एक नग, मेरे स्वामित्व एवं कब्ज़े में है." नोटरी थांबला. "कब्ज़े में है ना?"

शपथेवर खोटं बोलायचं नाही, एवढं एक तत्त्व प्रकाशरावांनी नोकरीत जपलं होतं. शपथेशिवायची गोष्ट वेगळी.

"डब्बा मेरे पास है. कैसेट पत्नी की अलमारी में है."

"तो कब्ज़ा पत्नी का हुआ. उनकी एनओसी लाइए."

"एनओसी नाही मिळणार," प्रकाशराव बापूंना हळूच म्हणाले.

"अरे, शोभा काय नाही म्हणणारे? मी विचारतो की!"

आणि बापूंनी खरंच विचारलं. त्याच संध्याकाळी, चहाच्या कपातून मान वर करून. "शोभा, ती भुताची कॅसेट तुझ्या अलमारीत आहे म्हणे. एक सही लागेल."

"माझ्या अलमारीत? भूत?" शोभाताई हसल्याच. "बापू, माझ्या अलमारीत साड्या आहेत, केतकीची पैंजणं आहेत आणि आमच्या लग्नाची कॅसेट आहे. भूत इथे बाहेर बसलंय, खुर्चीवर, चहा पिऊन राहिलंय."

खुर्चीवरच्या भुताला, म्हणजे प्रकाशरावांना, ठसका लागला.

आता एकच रस्ता उरला होता. गोदरेजची किल्ली शोभाताईंच्या कमरेला, आणि पिशवी बाहेर यायची वर्षातून एकदा, खंडेनवमीला. त्या दिवशी जरीची पिशवी पाटावर येते, शोभाताई नैवेद्य आणायला आत जातात. तेवढ्यात कॅसेटी अदलाबदल करायच्या. भुताची अर्णवला द्यायची. मुंजीची पिशवीत घालायची आणि दसऱ्याला ती लागली की म्हणायचं, अरेच्या, हे कसं झालं! योजना वाईट होती हे त्यांनाही कळत होतं. पण वाईट योजनेला निदान ठरलेला दिवस असतो, चांगलीला तोही नसतो.

*

नवमीला अर्णव साडेदहालाच इंदूरहून बाइकवर येऊन दारात उभा. पाटावर विळी, पाना, टेस्टर, रईसभाईंनी जिवंत केलेला व्हीसीआर आणि मधोमध जरीची पिशवी. पण यंदा दुरुस्ती झाली म्हणून शोभाताईंना भक्ती जरा जास्तच दाटून आली. त्यांनी कॅसेट पिशवीतून बाहेर काढली, पाटावर मांडली, पळीनं पाणी शिंपडलं, ओल्या कुंकवाचं ठसठशीत स्वस्तिक काढलं आणि मूठभर अक्षता वाहिल्या. काही कॅसेटवर पडल्या, काही व्हीसीआरच्या फटीत.

अर्णवनं प्लास्टिकचा काळपट हिरवा रंग ओळखला; भुताच्या त्या सिनेमाची कॅसेट ह्याच रंगात निघाली होती. त्यानं दोन्ही हात पुढे केले. "आंटी... आंटी, पानी नहीं..."

"बेटा, तीर्थ आहे ते. तूही घे," म्हणून शोभाताईंनी त्याच्या हातावर पळी रिकामी केली आणि नैवेद्याला आत गेल्या.

प्रकाशरावांनी झब्ब्याच्या खिशातून मुंजीची कॅसेट काढली, हात पुढे केला, आणि मनगट कोणीतरी धरलं. बापू.

"काय करून राहिला रे? पूजेला लावलेलं हत्यार उद्यापर्यंत हलवत नाहीत! तुझ्या बापानं शिकवलं नाही?"

"बापू, फक्त सरळ करत होतो."

"काही सरळ नको करू. मी बसतो इथे." आणि ज्या माणसाच्या मुलाची मुंज प्रकाशरावांच्या हातात होती, तो माणूस लग्नाच्या राखणीला पाटासमोर खुर्ची टाकून बसला. दुपारचं जेवणही त्यानं तिथेच मागवलं, रात्रीची पथारीही तिथेच. संध्याकाळी अर्णव इंदूरला परत गेला नाही. माल डोळ्यांआड करायला तो तयार नव्हता. त्याला मागच्या खोलीत, एकशे तेरा बिनभावाच्या कॅसेटींमध्ये गादी घालून दिली.

*

दसऱ्याला केतकी आणि ओंकार सकाळच्या गाडीनं आले. सोनं वाटून झालं, श्रीखंडाचा टोप ताटांजवळ आला, आणि शोभाताई म्हणाल्या, "जेवणाच्या आधी अर्धा तास लग्न बघू." रईसभाईही आपलं काम बघायला आले होते. प्रकाशराव सगळ्यात मागे, दाराजवळ उभे होते. पळायचं म्हणून नव्हे, वारा येतो म्हणून.

शोभाताईंनी स्वतःच्या हातानं कॅसेट लावली. पडदा काळा झाला. वादळाचा आवाज. एक थडगं. माती हलली.

"हा तुमच्याकडचा हॉल आहे का?" ओंकारनं आदबीनं विचारलं.

आणि हिरवा हात वर आला. केतकी किंचाळली, शोभाताई किंचाळल्या, अर्णव सगळ्यांच्या वर किंचाळला, "यही है! यही है! प्रिंट देखो, एकदम साफ़!" आणि त्याच क्षणी व्हीसीआरच्या पोटात कर्र्र झालं. हात लांब झाला, वाकडा झाला, गेला. रईसभाईंनी झेप घेऊन झाकण उघडलं. फीत शेवयांसारखी बाहेर आली. तिच्यातून त्यांनी चिमट्यानं एक तांदळाचा दाणा काढला, कुंकवानं लाल झालेला, आणि तळहातावर ठेवून सगळ्यांना दाखवला.

अर्णव जमिनीवर बसला.

मग शोभाताई वळल्या. त्या ओरडल्या असत्या तर प्रकाशरावांना सोपं गेलं असतं. त्या हळू म्हणाल्या, "आमचं लग्न कुठाय?"

प्रकाशरावांनी खिशातून कॅसेट काढली आणि सगळं सांगितलं. सेलोटेप, लेबल, वायर, सगळं. वायरीपाशी रईसभाईंनी "मैंने कहा था" अशी मान हलवली. बोलून झाल्यावर त्यांनी बघितलं तर शोभाताईंचे डोळे भरले होते. "माझे बाबा होते हो त्याच्यात," त्या म्हणाल्या. "कन्यादान करताना. एवढंच होतं त्यांचं हलतंबोलतं. मी एकतीस वर्षं त्या पिशवीला नमस्कार केला."

प्रकाशरावांनी कॅसेट शोभाताईंच्या हातात दिली. त्यांच्या आयुष्यातलं हे पहिलंच शहाणपण.

"मुंज आहे त्याच्यावर?" बापूंचा आवाज आला. ओळखू न येणारा. "मंदारची? आहे?"

रईसभाईंनी व्हीसीआर पुसला, फुंकला, दोनदा तपासला, आणि कॅसेट लावली.

होती. थोडी हिरवट, थोडी थरथरणारी, पण पूर्ण. मंदार आठ वर्षांचा, गोटा केलेला, रडून नाक लाल. मातृभोजनाला मीरावहिनींच्या पानात बसलेला. मीरावहिनी नथ सावरत त्याला घास भरवत होत्या, जिलबीचा तुकडा, मग वरणभाताचा, तो नाही म्हणत होता, त्या भरवत होत्या. मग त्यांनी मान वर करून सरळ कॅमेऱ्यात बघितलं.

"प्रकाश भावजी, त्यांना सांगा हो जेवून घ्यायला. सकाळपासून सगळ्या गावाला शिकवत फिरतायत, पोटात कण नाही."

"जेवतो," बापू टीव्हीला म्हणाले. "जेवतो, जेवतो."

मग ते चष्मा पुसायला लागले आणि तो काही केल्या पुसून होईना. एकतीस वर्षांची तक्रार कशी करायची हे त्यांना आठवेना, आणि सल्लाही सुचेना. केतकी त्यांच्या शेजारी जाऊन बसली. शोभाताईंनी पदरानं स्वतःचे डोळे टिपले आणि प्रकाशरावांकडे न बघता म्हणाल्या, "पुढे घ्या. शेवटपर्यंत. काय उरलंय बघू दे."

मुंज संपली, पडद्यावर मुंग्या आल्या, आणि एकदम, मधूनच, एक पंगत उजाडली. ब्याण्णव साल. नवरदेव कॅमेऱ्यामागे नसल्यानं त्या दिवशी कॅमेरा बापूंकडे होता, त्यामुळे बरंचसं छत दिसलं आणि बापूंच्या सूचना ऐकू आल्या. पण एकदा कॅमेरा घसरला आणि पंगतीच्या टोकाला एक गृहस्थ दिसले. टोपी काढून ठेवलेली, दमलेले, हातात मठ्ठ्याची वाटी घेऊन आपल्या मुलीकडे बघत बसलेले. कन्यादान नाही, मंत्र नाही. नुसते बघत होते. चांगले पाऊण मिनिट, कारण बापू तेव्हा बटण शोधत होते.

"बाबा," शोभाताई म्हणाल्या.

कॅमेरा हलला. तेवीस वर्षांची शोभा, मुंडावळ्या बाजूला सारलेल्या, हातात जिलबीचा घास. बायका नाव घे म्हणून ओरडत होत्या. ती लाजली, खाकरली.

"शिप्रेच्या काठावर दगडी घाट, प्रकाशरावांचं नाव घेते..."

खट्ट. कॅसेट संपली.

"पुढे?" ओंकार म्हणाला. "आई, पुढे काय होतं?"

"कोणाला आठवतंय आता."

"आंटी, प्लीज़," जमिनीवरून अर्णव म्हणाला. आज त्याचा साठ हजारांचा सौदा दोनवर आला होता, त्याला काहीतरी पूर्ण झालेलं बघायचं होतं.

बापूंचा चष्मा एव्हाना जागेवर आला होता. "नाव घेतल्याशिवाय उठायचं नसतं, शोभा," ते म्हणाले. "आणि प्रकाश, त्या सगळ्या कॅसेटी माझ्याकडे आणून टाक. माझं घर रिकामंच आहे. रईसभाई बसतील, एकेक काढतील. लोकांची माणसं आहेत त्याच्यात."

शोभाताई उठल्या. पदर खोचला, ताटं मांडली, नवऱ्याच्या समोर येऊन उभ्या राहिल्या आणि तेहतीस वर्षांत पहिल्यांदाच भर मंडळीत त्यांच्या डोळ्यांत डोळे घालून म्हणाल्या,

"आमच्या लग्नावर ह्यांनी चढवली दिघ्यांची मुंज,
प्रकाशरावांचं नाव घेते, आता जन्मभर झुंज!"

रईसभाईंना शब्द कळले नसावेत, पण टाळी सगळ्यात आधी त्यांनीच वाजवली. प्रकाशरावांना जन्मठेप ऐकून इतकं हायसं वाटलं की ते मांडी घालून निमूटपणे पानावर बसले. शोभाताईंनी श्रीखंड वाढायला घेतलं. केतकी-ओंकारला दोन-दोन डाव, बापूंना दोन, रईसभाईंना दोन, अर्णवला दुःखामुळे तीन.

प्रकाशरावांच्या पानात अर्धा डाव पडला. त्यांनी वर बघितलं. शोभाताई पुढच्या पानाकडे गेल्या होत्या.